कापांतून घनाकृती : सीटी स्कॅनचे त्रिमितीय चित्र साध्या संगणकावर कसे घडते



वार्षिक अहवालातील जमाखर्चाच्या पानांवरून देणगीचा विनियोग कसा झाला हे कळते. परंतु ज्या साधनांवर तो पैसा खर्च होतो ती साधने नेमके काय करतात, हे सांगण्यास त्या पानांत जागा नसते. म्हणून या अभ्यासलेखासाठी आम्ही एकच विषय निवडला आहे. सीटी स्कॅन झाल्यावर पडद्यावर हवे तसे फिरवून पाहता येणारे हाडांचे वा रक्तवाहिन्यांचे त्रिमितीय चित्र कसे तयार होते, ते तयार करणाऱ्या सॉफ्टवेअरच्या फायली कोठून येतात आणि त्या चित्रावर कितपत विसंबावे, हा तो विषय होय.

या विषयाशी तीन व्यावहारिक प्रश्न निगडित आहेत. रुग्णाचे आप्त विचारतात की, ‘थ्रीडी’साठी पुन्हा स्कॅन करावा लागेल काय? देणगीदार विचारतात की, त्यासाठी किती लाखांचे यंत्र लागेल? आणि विश्वस्तांपुढे प्रश्न असतो की, विनामूल्य मिळणारे सॉफ्टवेअर रुग्णालयात वापरणे उचित आहे काय? या तिन्ही प्रश्नांची उत्तरे चित्र घडण्याच्या प्रक्रियेतच दडलेली आहेत. म्हणून प्रथम ती प्रक्रिया समजून घेऊ.

काप आणि घनबिंदू

सीटी स्कॅन हे मूलतः मोजमाप आहे. क्ष-किरणांची नळी शरीराभोवती फिरते. शरीर भेदून पलीकडे पोहोचलेल्या किरणांची तीव्रता प्रत्येक कोनातून नोंदली जाते. आणि या नोंदींवरून शरीराच्या आत कोणत्या ठिकाणी किरण किती शोषले गेले, हे गणिताने काढले जाते. या गणिताचा पाया ऑस्ट्रियन गणितज्ञ योहान राडोन यांनी १९१७ साली घातला. पुढे गॉडफ्रे हाउन्सफील्ड यांनी घडविलेल्या यंत्रावर लंडनच्या ॲटकिन्सन मॉर्ली रुग्णालयात १ ऑक्टोबर १९७१ रोजी पहिल्या रुग्णाच्या मेंदूची तपासणी झाली. हाउन्सफील्ड आणि ॲलन कॉर्मॅक यांना या कार्याबद्दल १९७९ चे वैद्यकशास्त्राचे नोबेल पारितोषिक विभागून मिळाले.

या मोजमापाला हाउन्सफील्ड यांचेच नाव आहे. त्यांच्या मापपट्टीवर पाणी शून्यावर असते व हवा उणे १००० वर. चरबी उणे १०० च्या आसपास, स्नायू साधारण ४० ते ६० आणि घट्ट हाड १००० च्याही वर जाते. स्कॅनचा प्रत्येक काप म्हणजे अशा आकड्यांचा एक तक्ता असतो. सर्वसाधारण कापात ५१२ ओळी आणि ५१२ स्तंभ, म्हणजे २,६२,१४४ चौकटी असतात.

असे काप चादरींच्या थप्पीप्रमाणे एकावर एक रचले की सपाट चौकटींना जाडी येते आणि प्रत्येक चौकट एक चिमुकला ठोकळा बनते. या ठोकळ्यास ‘व्हॉक्सेल’ म्हणतात. आपण त्यास घनबिंदू म्हणू. ४०० कापांच्या एका तपासणीत साडेदहा कोटींहून किंचित कमी, म्हणजे १०,४८,५७,६०० घनबिंदू असतात. प्रत्येकासाठी दोन बाइट धरल्यास ती सुमारे २०० एमबीची माहिती होते. त्रिमितीय चित्राचा सारा कच्चा माल एवढाच आहे. त्यासाठी रुग्णाच्या शरीरातून आणखी क्ष-किरण पाठवावे लागत नाहीत.

आकड्यांना रंग

या आकड्यांच्या घनापासून चित्र काढण्याच्या दोन प्रमुख पद्धती आहेत. पहिलीत एक ठराविक आकडा निवडून, तो आकडा जेथे जेथे येतो तेथून जाणारा पृष्ठभाग बारीक त्रिकोणांनी विणला जातो. विल्यम लोरेन्सन व हार्वे क्लाइन यांनी १९८७ साली ही रीत प्रसिद्ध केली. दुसरी पद्धत म्हणजे घनचित्रण, अर्थात ‘व्हॉल्यूम रेंडरिंग’. मार्क लेव्हॉय यांनी, तसेच पिक्सार या संस्थेतील रॉबर्ट ड्रेबिन, लॉरेन कार्पेंटर व पॅट हॅनरहान यांनी १९८८ साली या पद्धतीवरील पायाभूत निबंध मांडले.

घनचित्रणात पृष्ठभाग काढलाच जात नाही. पडद्यावरील प्रत्येक बिंदूतून एक काल्पनिक किरण घनात सोडला जातो. किरण ठराविक अंतरावर थांबत थांबत पुढे जातो आणि प्रत्येक थांब्यावर भोवतालच्या आठ घनबिंदूंवरून तेथील आकडा अंदाजतो. हा आकडा एका तक्त्यात पाहिला जातो. अमुक आकड्याला कोणता रंग द्यावा आणि तो किती पारदर्शक दाखवावा, हे त्या तक्त्यात ठरविलेले असते. मार्गात मिळालेले रंग एकावर एक साचत जातात आणि पुढचे काही दिसेनासे झाले की किरण थांबतो. हवा व चरबी पूर्ण पारदर्शक ठरविली, स्नायू पुसट ठेवले आणि हाड गडद केले, तर पडद्यावर हाडांचा सांगाडा उभा राहतो. त्याच घनात त्वचेचा आकडा गडद केला, तर चेहरा दिसू लागतो.

सोलापूरकरांना हे समजण्यास अवघड जाऊ नये. जकार्ड मागावर चादरीची नक्षी आधी चौकटींच्या कागदावर आखतात. नक्षी तीच ठेवून धाग्यांचे रंग बदलले, तर चादर वेगळीच दिसते; कागदावरील चौकटी मात्र बदललेल्या नसतात. घनचित्रणातही आकडे तेच राहतात. रंगांचा तक्ता बदलला की चित्र बदलते, आणि तो तक्ता माणूस ठरवितो. ही गोष्ट वाचकांनी स्मरणात ठेवावी. पुढे तिचे महत्त्व येणार आहे.

सॉफ्टवेअर लायब्ररी म्हणजे काय

एवढे सारे काम करणारी आज्ञावली प्रत्येक रुग्णालयाने वा प्रत्येक कंपनीने आरंभापासून लिहावयाची म्हटली, तर आयुष्य पुरणार नाही. म्हणून वारंवार लागणारी कामे एकदाच लिहून, तपासून, फायलींच्या संचात बांधून ठेवतात. या संचास सॉफ्टवेअर लायब्ररी म्हणतात. विंडोज संगणकात ‘डीएलएल’ आणि लिनक्समध्ये ‘एसओ’ अशा शेपटीच्या ज्या फायली आढळतात, त्या बहुधा अशा लायब्ररींच्या असतात. त्या स्वतंत्रपणे उघडून पाहण्याजोग्या नसतात. मुख्य प्रोग्रॅम गरजेनुसार त्यांच्याकडून काम करवून घेतो.

त्रिमितीय चित्र दाखविणाऱ्या प्रोग्रॅमच्या पाठीशी अशा लायब्ररींचे थर असतात. तळाचा थर स्कॅनची फाइल वाचतो. निरनिराळ्या कंपन्यांच्या यंत्रांतील चित्रे परस्परांना वाचता यावीत म्हणून ‘डायकॉम’ नावाचे प्रमाण आहे. त्याची पूर्वावृत्ती १९८५ साली निघाली व १९९३ पासून ते ‘डायकॉम’ या नावाने ओळखले जाते. ते वाचणारी ‘डीसीएमटीके’ ही लायब्ररी जर्मनीतील ओल्डेनबुर्ग येथील एका संशोधनसंस्थेने जोपासली आहे. आपल्या देशात सी-डॅक या १९८८ साली पुण्यात स्थापन झालेल्या संस्थेनेही डायकॉमसाठी प्रोग्रॅम लिहिणाऱ्यांच्या उपयोगाचा संच तयार केला आहे.

दुसरा थर चित्रातील अवयव वेगळे काढतो. यासाठी ‘आयटीके’ ही लायब्ररी प्रसिद्ध आहे. अमेरिकेच्या राष्ट्रीय वैद्यक ग्रंथालयाने १९९९ साली तिच्या कामास अर्थसाहाय्य देऊन आरंभ केला. याच ग्रंथालयाने मरणोत्तर देहदान केलेल्या एका पुरुषाच्या संपूर्ण देहाच्या कापांची माहिती १९९४ साली व एका स्त्रीच्या देहाची १९९५ साली अभ्यासकांस खुली केली होती. पुरुषदेहाची माहिती १५ जीबी आणि अधिक बारीक काप घेतलेल्या स्त्रीदेहाची सुमारे ४० जीबी भरली. एवढी माहिती हाताळावयाची तर सर्वांना सामाईक अशी साधने हवीत, ही निकड त्यातून स्पष्ट झाली.

तिसरा थर प्रत्यक्ष चित्र काढतो. येथे ‘व्हीटीके’ म्हणजे व्हिज्युअलायझेशन टूलकिट या लायब्ररीचे नाव अग्रक्रमाने घ्यावे लागते. विल श्रोडर, केन मार्टिन व बिल लोरेन्सन यांनी १९९३ साली तिचा आरंभ केला. तिची मूळ आज्ञावली सर्वांना खुली आहे, तिच्यात सुधारणा करण्यास मुभा आहे आणि व्यापारी वापरासही अटकाव नाही. अमेरिकेत विकसित झालेला ‘थ्रीडी स्लायसर’ हा विनामूल्य प्रोग्रॅम ‘व्हीटीके’ व ‘आयटीके’ या दोन्ही लायब्ररींवर उभा आहे. सर्वांत वरचा थर ग्राफिक्स कार्डाशी बोलतो.

हे थर एकमेकांशी जुळणे अत्यावश्यक असते. एखादी फाइल गहाळ झाली किंवा तिची आवृत्ती बदलली, तर प्रोग्रॅम सुरूच होत नाही. क्वचित तो सुरू होतो, परंतु चित्र थोडे वेगळे दिसते, आणि ती स्थिती अधिक धोक्याची असते. म्हणून अशा संगणकावर कोणती लायब्ररी कोणत्या आवृत्तीची आहे याची लेखी नोंद ठेवणे आणि रुग्णसेवेच्या वेळात परस्पर बदल न करणे, ही शिस्त औषधांच्या साठानोंदीइतकीच महत्त्वाची आहे.

पुण्यातून कॅनबेराला

वरील बहुतेक नावे परदेशांतील असली, तरी या क्षेत्रातील एका नामांकित प्रोग्रॅमची मुळे महाराष्ट्रात आहेत. पुणे विद्यापीठाच्या रसायनशास्त्र विभागात प्राध्यापक श्रीधर गद्रे यांच्यासमवेत अजय लिमये यांनी ‘युनिव्हिस-२०००’ हा प्रोग्रॅम तयार केला. त्यावरील त्यांचा निबंध २००१ साली ‘करंट सायन्स’ या नियतकालिकात प्रसिद्ध झाला. देशातच विकसित झालेला चित्रदर्शनाचा सर्वसमावेशक संच, असे त्याचे वर्णन त्यांनी शीर्षकातच केले होते.

रसायनशास्त्राचा आणि सीटी स्कॅनचा काय संबंध, असा प्रश्न कोणासही पडेल. रेणूभोवती इलेक्ट्रॉनांची दाटी किती आहे, हे अवकाशातील प्रत्येक ठिकाणी एका आकड्याने सांगता येते. सीटी स्कॅनमध्येही प्रत्येक ठिकाणी एकच आकडा असतो. रेणू असो वा मानवी कवटी, संगणकापुढे येतो तो आकड्यांचा घनच. त्यामुळे चित्र काढण्याचे गणित दोहोंस सारखेच लागू पडते.

पुढे ऑस्ट्रेलियातील कॅनबेरा येथील ऑस्ट्रेलियन नॅशनल युनिव्हर्सिटीत लिमये यांनी घनचित्रणाचा जो प्रोग्रॅम विकसित केला, त्याचे नाव त्यांनी ‘दृष्टि’ असे ठेवले. त्याची शास्त्रीय ओळख करून देणारा निबंध २०१२ साली प्रसिद्ध झाला. ‘दृष्टि’ची आज्ञावली खुली आहे आणि तो डेस्कटॉप संगणकावर चालतो. दगडात अडकलेले जीवाश्म न फोडता त्यांच्या आतील रचना पाहणाऱ्या अभ्यासकांनी त्याचा मोठा उपयोग करून घेतला आहे. आपल्या भाषेतील एक शब्द जगभरच्या प्रयोगशाळांत नित्य उच्चारला जातो, ही अभिमानाची बाब तर आहेच. परंतु आमच्या दृष्टीने त्याहून मोलाची गोष्ट ही की, असे साधन घडविण्याची विद्या या मातीत होती व आहे. सोलापूरच्या अभियांत्रिकी महाविद्यालयांतील विद्यार्थ्यांनी ही खुली आज्ञावली अभ्यासावी, अशी आमची मनःपूर्वक सूचना आहे. ती वाचण्यास शुल्क पडत नाही.

साध्या संगणकाची कुवत

आता खर्चाच्या प्रश्नाकडे वळू. पडद्यावर दहा लाख बिंदू आणि प्रत्येक किरणाचे ५०० थांबे धरले, तर एका चित्रासाठी ५० कोटी वेळा आकडा अंदाजावा लागतो. चित्र सहज फिरावे म्हणून सेकंदास दहा चित्रे हवी असतील, तर हेच काम सेकंदाला ५०० कोटी वेळा होते. संगणकाच्या मुख्य प्रोसेसरला पूर्वी हे झेपत नसे. म्हणून लाखो रुपयांची स्वतंत्र वर्कस्टेशन लागत. १९९९ साली मित्सुबिशी कंपनीने ‘व्हॉल्यूमप्रो’ हे केवळ घनचित्रणासाठीचे कार्ड साध्या संगणकात बसविता येईल असे काढले. परंतु थोड्याच वर्षांत संगणकीय खेळांसाठी बनणारी ग्राफिक्स कार्डे एवढी बलवान झाली की, वेगळ्या कार्डाची गरजच उरली नाही. मुलांच्या खेळासाठी निघालेले साधन अशा रीतीने रुग्णसेवेच्या उपयोगी पडले.

तात्पर्य असे की, २०० एमबीची तपासणी त्रिमितीत दाखविण्यास आज पुरेशी स्मृती व ठीकसे ग्राफिक्स कार्ड असलेला डेस्कटॉप संगणक पुरतो, आणि लायब्ररीच्या फायली विनामूल्य मिळतात. तथापि, विनामूल्य म्हणजे बिनखर्चाचे नव्हे. आज्ञावली बसविणे, आवृत्त्या जपणे, माहितीची सुरक्षित प्रत ठेवणे आणि सर्वांत महत्त्वाचे म्हणजे ती समजून वापरणारा तंत्रज्ञ घडविणे, यास पैसा व वेळ दोन्ही लागतात. देणगीदारांना आमची विनंती आहे की, यंत्राच्या किमतीसोबत माणसाच्या प्रशिक्षणाचाही विचार व्हावा. यंत्रावर दात्याच्या नावाची पाटी लागते, प्रशिक्षणावर लागत नाही. परंतु रुग्णाला त्या प्रशिक्षणाचाच आधार अधिक असतो.

चित्र कोठे फसविते

त्रिमितीय चित्र पाहताच मनाचा विश्वास बसतो, आणि येथेच सावधगिरी हवी. वर सांगितल्याप्रमाणे कोणता आकडा दाखवावयाचा हे माणूस ठरवितो. डोळ्याच्या खोबणीचे हाड काही ठिकाणी कागदासारखे पातळ असते. एकाच घनबिंदूत थोडे हाड व थोडी मऊ पेशी आली की त्यांची सरासरी निघते, आकडा खाली येतो आणि चित्रात तेथे भोक दिसते. प्रत्यक्षात भोक नसते. उलटपक्षी, केसाएवढी बारीक भेग त्याच सरासरीमुळे बुजून जाते आणि मोडलेले हाड अखंड भासते.

कापांच्या जाडीचाही परिणाम होतो. एक मिलिमीटरच्या कापांतून गुळगुळीत आकृती मिळते. पाच मिलिमीटरच्या कापांतून तीच आकृती घाटाच्या पायऱ्यांसारखी दिसते. दातांतील धातू, शरीरात बसविलेले स्क्रू व पट्ट्या यांच्याभोवती खोटे किरण पसरतात. रुग्ण स्कॅनच्या वेळी हलला, तर एकाच हाडाच्या दोन कडा दिसू शकतात.

म्हणून निदान करताना तज्ज्ञ मूळ काप पाहतात आणि त्रिमितीय चित्राचा आधार रचना समजण्यापुरता घेतात. मूळ काप हा पुरावा आहे; त्रिमितीय चित्र ही त्या पुराव्याची मांडणी आहे. वकिलाची मांडणी कितीही प्रभावी असली, तरी न्यायाधीश मूळ दस्तऐवज पाहतो, तसेच हे आहे.

या विवेचनातून विश्वस्तांच्या प्रश्नाचे उत्तर मिळते. खुल्या स्वरूपात मिळणारे अनेक प्रोग्रॅम संशोधनासाठी आहेत, वैद्यकीय निदानासाठी प्रमाणित नाहीत, असे त्यांच्या कर्त्यांनीच नमूद केलेले असते. भारतात वैद्यकीय उपकरण नियम २०१७ साली आले, आणि १ एप्रिल २०२० पासून लागू झालेल्या व्याख्येनुसार वैद्यकीय प्रयोजनाचे सॉफ्टवेअरही वैद्यकीय उपकरणात मोडते. तेव्हा निदान व अहवाल यांसाठी प्रमाणित यंत्रणा आणि क्ष-किरण तज्ज्ञ यांना पर्याय नाही. शिक्षण, अभ्यास व रुग्णाच्या आप्तांस आजार समजावून सांगणे या कामी मात्र खुले सॉफ्टवेअर निःशंकपणे उपयोगी आहे.

शेवटचा उपयोग सोलापुरात विशेष मोलाचा आहे. सात रस्ता परिसरातील रुग्णालयांत बार्शी, पंढरपूर, अक्कलकोट येथून तसेच सीमेपलीकडील विजयपुरा व कलबुर्गी जिल्ह्यांतूनही रुग्ण येतात. कोणाची भाषा मराठी, कोणाची कन्नड, कोणाची तेलुगू, कोणाची दख्खनी. कटिभागाचे हाड तीन ठिकाणी मोडले आहे, हे शब्दांनी समजाविताना भाषा अपुरी पडते. पडद्यावर तेच हाड फिरवून दाखविले, तर शस्त्रक्रियेची गरज घरातील वडीलधाऱ्यांच्याही लक्षात येते, आणि संमतिपत्रावरील सही समजून-उमजून होते.

आप्तेष्टांनी लक्षात ठेवावयाच्या गोष्टी

एक, केवळ त्रिमितीय चित्रासाठी सहसा पुन्हा स्कॅन करावा लागत नाही. पूर्वीच्या स्कॅनचे पातळ काप डायकॉम स्वरूपात जतन असल्यास त्यांवरूनच ते काढता येते. जुना स्कॅन पुरेसा आहे की नाही, हे मात्र डॉक्टरांनाच ठरवू द्यावे.

दोन, छापील फिल्मवरून असे चित्र पुरेशा अचूकपणे काढता येत नाही. म्हणून तपासणी केंद्रातून फिल्मसोबत सीडी अथवा पेनड्राइव्ह आवर्जून मागून घ्यावा, त्यात पातळ काप आहेत ना हे विचारावे आणि त्याची एक प्रत घरी ठेवावी.

तीन, डायकॉम फाइलमध्ये रुग्णाचे नाव, वय व नोंदणी क्रमांक दडलेले असतात. ती मोबाइलवरून इकडे-तिकडे पाठवू नये. डोक्याच्या स्कॅनपासून तर ओळखू येईल असा चेहराही तयार होऊ शकतो. त्यामुळे शिक्षणासाठी वापर करावयाचा झाल्यास नाव काढून टाकणे पुरेसे नसते. चेहऱ्याचा भागही झाकावा लागतो व रुग्णाची संमती घ्यावी लागते.

चार, पडद्यावर भोक किंवा भेग दिसली म्हणून घाबरू नये, आणि चित्र सुरेख दिसले म्हणून निश्चिंतही होऊ नये. तज्ज्ञांचा लेखी अहवाल हाच निर्णायक मानावा.

समारोप

शंभर वर्षांपूर्वीचे एक गणित, एक मापपट्टी, अनेक देशांतील अभ्यासकांनी खुल्या ठेवलेल्या फायली आणि खेळण्यासाठी बनलेले एक कार्ड, यांच्या मेळातून आज साध्या टेबलावर मानवी देहाची आकृती उभी राहते. ज्यांनी आपली आज्ञावली कुलपात न ठेवता सर्वांस दिली, त्यांचे ते दानच आहे, आणि दानावर चालणाऱ्या संस्थेस त्याची महती वेगळी सांगावयास नको. मिळालेले दान योग्य ठिकाणी, योग्य मर्यादेत व रुग्णाच्या हितासाठी वापरणे हे आमचे कर्तव्य आम्ही जाणतो.